सावित्रीच्या काठी, मगरींच्या शेजारी

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणतो, ब्याऐंशी वर्षांचे आहेत. गेली अकरा वर्षे ते पनवेलला आमच्याकडे राहतात. वर्षभरापूर्वीपर्यंत त्यांचा दिवस वडाळे तलावाच्या फेरीने सुरू होत असे. मग सहा महिन्यांत ते दोनदा पडले, एकदा न्हाणीघरात आणि एकदा पहाटे पलंगाजवळ. हाड मोडले नाही, हे नशीब. पण मी डॉक्टर असल्यामुळे खुब्याचे हाड मोडल्यावर पुढे काय काय होते, हे मला नको तितके ठाऊक आहे. मी एकामागून एक नियम लागू केले. जिना उतरायचा नाही, एकट्याने फिरायला जायचे नाही, न्हाणीघराला आतून कडी लावायची नाही. अण्णांनी एकाही नियमाला विरोध केला नाही. ते फक्त बोलायचे कमी झाले आणि जेवायचेही.

पौष महिन्यात एके दिवशी ते म्हणाले, "एकदा सावित्री बघून येऊ या. थंडी आहे तोवर. सुसरी उन्हाला आलेल्या असतील."

आमचे मूळ घर महाडच्या पलीकडे सावित्रीकाठी आहे. गावाचे नाव मी मुद्दाम लिहीत नाही. सुटीच्या दिवशी मोबाइल उंचावून मगरीजवळ जाणारी गर्दी त्या पाणवठ्यावर नको. अण्णांचे बालपण तिथे गेले. चुलत भावाच्या पत्नी, आमच्या काकू, वयाच्या अठ्ठ्याहत्तराव्या वर्षीही तिथेच राहतात.

पनवेल ते महाड

पनवेलहून महाड सुमारे सव्वाशे किलोमीटर. पळस्पे फाटा सोडला की कर्नाळ्याचा अंगठ्यासारखा सुळका डावीकडे आणि उजवीकडे डोकावत राहतो. पुढे पेण, वडखळ, नागोठणे, कोलाड, माणगाव, लोणेरे. ज्येष्ठांबरोबर हा प्रवास करणाऱ्यांसाठी तीन गोष्टी सांगतो. दर दीड तासाने गाडी थांबवून त्यांना पाच मिनिटे चालवावे, म्हणजे पोटऱ्यांतील रक्त साकळत नाही. लघवी वाढवणारी गोळी चालू असेल, तर प्रवासाच्या दिवशी ती केव्हा घ्यायची हे आदल्या दिवशीच आपल्या डॉक्टरांना विचारावे; लघवीला जावे लागेल म्हणून पाणीच न पिणे हा उपाय नव्हे. आणि मधुमेहाच्या रुग्णाची न्याहारी वाहतुकीच्या भरवशावर सोडू नये, डबा जवळ ठेवावा.

महाडजवळ नव्या पुलावरून जाताना अण्णांनी गाडी हळू घ्यायला सांगितली. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री इथला ब्रिटिशकालीन दगडी पूल पुरात कोसळला आणि एस.टी.च्या दोन गाड्यांसह काही वाहने वाहून गेली. शोधकार्य करणाऱ्यांपुढे पुराचे पाणी तर होतेच, शिवाय नदीत मगरी असल्याची धास्तीही होती. पुढे वर्षभराच्या आत नवा पूल उभा राहिला. महाबळेश्वरच्या डोंगरात उगम पावणारी ही नदी पोलादपूर-महाडवरून वाहत हरिहरेश्वरजवळ समुद्राला मिळते. उन्हाळ्यात ती गरीब दिसते, पण तिचा अंदाज चुकलेल्यांना तिने कधी माफ केलेले नाही. जुलै २०२१ च्या महापुरात अख्खे महाड पाण्याखाली गेले, तेव्हाही हेच दिसले.

नदीतले शेजारी

आपल्याकडे नद्यांत आढळणारी मगर म्हणजे गोड्या पाण्यातली 'मगर', जुन्या कोकणी माणसांच्या तोंडी 'सुसर'. अमेरिकेतल्या फ्लोरिडा राज्यातील दलदलीत राहतो तो अ‍ॅलिगेटर वेगळा. त्याचा जबडा रुंद व गोलसर असतो आणि भारतातल्या रानात तो नाही. आपली मगर साधारण तीन ते चार मीटर लांब वाढते. तिचे मुख्य अन्न मासे, पण पाण्याशी आलेले कुत्रे, शेळी, वासरू ती सोडत नाही.

एकेकाळी कातड्यासाठी मगरींची बेसुमार शिकार झाली. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्यांना सर्वोच्च संरक्षण दिले आणि १९७५ पासून देशभर मगर संवर्धनाचा प्रकल्प सुरू झाला. त्याचे फळ आज सावित्री, चिपळूणची वाशिष्ठी आणि सांगलीची कृष्णा या नद्यांच्या काठांवर ऊन खात पडलेले दिसते. हे फळ सर्वांना गोड लागलेले नाही. कृष्णाकाठी मगरीच्या हल्ल्यात माणसे दगावली आहेत. ज्या घरातला माणूस गेला, त्या घराला संवर्धनाचे महत्त्व शहरातल्या माणसाने सांगू नये.

डॉक्टर म्हणून मला या प्राण्याबद्दल कुतूहल वाटते. सरपटणाऱ्या प्राण्यांत पूर्ण चार कप्प्यांचे हृदय फक्त मगरींच्या कुळाला लाभले आहे. पाण्याखाली दबा धरून राहताना त्या हृदयाची गती अगदी मंदावते. नाकपुड्या, डोळे आणि कान डोक्याच्या वरच्या बाजूस असल्याने सारे शरीर पाण्यात ठेवून ती पाहू, ऐकू आणि श्वास घेऊ शकते. मात्र शरीर स्वतःहून उबदार ठेवण्याची सोय तिच्याकडे नाही. म्हणून हिवाळ्यात सकाळी ती काठावर येऊन तासन् तास ऊन घेते. उतारवयात आपलीही ऊब राखण्याची शक्ती उणावते आणि कोवळे ऊन हवेसे वाटते. अण्णा शालीची घडी नीट करत म्हणाले, "म्हणजे मी आणि सुसर एकाच वेळी बाहेर पडणार."

काकूंचे वेळापत्रक

काकूंच्या घरी नळ आहे. तरीही आठवड्यातून एकदा त्या गोधड्या घेऊन नदीवर जातात. "नळाखाली गोधडी भिजते, धुतली जात नाही," असे त्यांचे म्हणणे. आम्ही पोहोचलो तेव्हा त्या निघण्याच्याच तयारीत होत्या. मी दचकलो. नदीत मगरी असताना अठ्ठ्याहत्तर वर्षांची एकटी बाई पाणवठ्यावर जाते, हे माझ्या कोणत्याही नियमात बसणारे नव्हते.

"एकटी कोण जाते?" काकू म्हणाल्या. "शेजारची सून येते. एकीने धुवायचे, दुसरीने पाण्याकडे बघायचे. गप्पा मारायच्या, पण नजर हलवायची नाही."

वाटेने चालता चालता त्यांचे सारे वेळापत्रक मला कळले. तांबडे फुटायच्या आत आणि दिवेलागणीनंतर नदीवर पाऊल टाकायचे नाही. ऊन चढले, सुसरी समोरच्या पुळणीवर आल्या, त्या मोजून झाल्या, की मग उतरायचे. भरतीचा जोर इथवर पोहोचतो; पाणी वर सरकले की पायरीच्या कडेला काय आहे ते दिसत नाही, म्हणून ओहोटी पाहून जायचे. मासळी पाणवठ्यावर साफ करायची नाही, कोंबडीची पिसे-आतडी नदीत टाकायची नाहीत. शिमगा जवळ आला की पलीकडच्या वाळूच्या कडेला गुरे न्यायची नाहीत, कारण तिथे ती खड्डा करून अंडी घालते. पहिल्या पावसाच्या सुमारास पिल्ले बाहेर येतात आणि तोवर ती कोणाचीच नसते. पावसाळ्यात तर नदीच तिची. गढूळ पाण्यात गुडघाभरही उतरायचे नाही.

यातले बहुतेक सारे शास्त्राला धरून आहे. मादी साधारण फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये वाळूत अंडी घालते, सुमारे दोन महिने घरट्याची राखण करते आणि पिल्ले पावसाच्या तोंडावर बाहेर येतात. पिल्लू नर होणार की मादी, हेही घरट्याच्या उष्णतेवर ठरते. फ्लोरिडात अ‍ॅलिगेटरला खाऊ घालणे कायद्याने गुन्हा आहे, कारण माणसाकडून अन्न मिळू लागले की त्याची माणसाबद्दलची भीती जाते. काकूंनी तो कायदा वाचलेला नाही, पण पिसे-आतडी नदीत न टाकण्यामागे तेच कारण आहे.

"सुसरबाई तुझी पाठ मऊ" ही म्हण आपल्याकडे बलवानाची भीतीपोटी केलेली खुशामत सांगते. काकूंच्या बोलण्यात खुशामत नव्हती, रागही नव्हता. दोन वर्षांमागे शेजारचे वासरू गेले, ते सांगताना त्यांचा आवाज पडला. पण लगेच म्हणाल्या, "वासरू संध्याकाळी सोडले होते. चूक आमची."

गोव्यात फोंडा तालुक्यातील खाडीकाठच्या काही गावांत पौष अमावास्येला शेताच्या बांधाजवळ चिखलाची मगर घडवून तिची पूजा करतात. 'मानगे थापणी' असे त्या विधीचे नाव. गुजरातमध्ये खोडियार देवीचे वाहनच मगर आहे. आणंद जिल्ह्यातल्या मलातज गावात देवीच्या देवळालगतच्या तळ्यात मगरी राहतात आणि माणसेही तिथे वावरतात. श्रद्धेचा भाग ज्याचा त्याने ठरवावा. मला त्यात दिसते ते असे, की वर्षातून एकदा तरी साऱ्या गावाने एकत्र येऊन त्या शेजाऱ्याची आठवण ठेवायची. धोका विसरला जाणे हे धोक्यापेक्षा वाईट असते.

अण्णा पाणवठ्यावर

पाणवठ्याला दगडी पायऱ्या आहेत. मी अण्णांचा दंड घट्ट धरून त्यांना सर्वांत वरच्या पायरीवर उभे केले. समोरच्या काठावर ओल्या वाळूवर तीन मगरी पडल्या होत्या. त्यातली एक तोंड उघडे टाकून निश्चल होती. अशा वेळी तिला राग आलेला नसतो, शरीरातली जादा उष्णता ती तोंडावाटे बाहेर टाकत असते.

"पाय धुवायचे आहेत," अण्णा म्हणाले. "लहानपणी आल्या आल्या पाय धुतल्याशिवाय आई घरात घेत नसे."

"अण्णा, नाही," मी म्हणालो. दवाखान्यात ज्या स्वरात म्हणतो, त्याच स्वरात.

काकूंनी माझ्याकडे पाहिले. "अरे, त्यांना विचार तरी. भावजींना ही नदी तुझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे."

मला राग आला. जबाबदारी माझी होती. उद्या काही झाले असते तर सारे मलाच विचारणार होते. पण चारचौघांत वाद नको म्हणून मी दंडावरची पकड सैल केली. अण्णा काठी टेकून उभे राहिले आणि पाण्याकडे पाहू लागले. एक मिनिट, दोन मिनिटे, पाच मिनिटे. पनवेलच्या घरात ते असे कशाकडेच पाहत नाहीत.

"किती मोजल्यास?" त्यांनी विचारले.

"तीन."

"चौथी?"

मला चौथी दिसेना. त्यांनी काठीने दाखवले. पायऱ्यांपासून पंधरा-वीस पावलांवर, पाण्यात पडलेल्या फांदीच्या सावलीत, दोन लहानशी टेंगळे होती आणि त्यांच्यापुढे हातभर अंतरावर आणखी एक. मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झालेल्या डोळ्यांनी त्यांनी जे पाहिले, ते मी चष्मा लावून पाहू शकलो नव्हतो.

"आज नको," अण्णा म्हणाले. "ती आहे. वहिनी, गोधड्या उद्या."

काकूंनी मान डोलावली. त्यांच्याकडे दोरी बांधलेली बादली होती. वाकून पाणी भरायचे नाही, वरच्या पायरीवरून बादली सोडायची आणि दोरीने ओढायची, हाही नियमच. पण ती फांदीखाली असताना त्यांनी तीही सोडली नाही. आम्ही वर झाडाखाली बसलो. अर्ध्या तासाने चौथी सुसर संथपणे नदी ओलांडून पलीकडे गेली आणि वाळूवर चढली. काकूंनी आणखी थोडे थांबून बादली सोडली. अण्णांनी वरच्याच पायरीवर बसून त्या पाण्याने पाय धुतले. सावकाश, दोन्ही पाय, बोटांच्या बेचक्यांसकट.

परतीच्या वाटेवर

तांदळाची भाकरी आणि कुळथाचे पिठले खाऊन आम्ही दुपारी निघालो. अण्णांनी दोन भाकऱ्या खाल्ल्या. कोलाडच्या पुढे आल्यावर, मी विचारले नसताना ते म्हणाले, "मी दोनदा नाही, तीनदा पडलो."

तिसऱ्यांदा ते दिवाळीनंतर पडले होते, पलंगावरून उठताना. घरात कोणी नव्हते. पलंगाला धरून उठले आणि कोणाला सांगितले नाही. उठल्यावर डोळ्यांपुढे अंधारी येते, हेही सांगितले नव्हते. "सांगितले असते तर तू खोलीबाहेरही सोडले नसतेस," ते म्हणाले. आवाजात तक्रार नव्हती.

तीस वर्षे रुग्णांना तपासणाऱ्या माणसाच्या घरात एक लक्षण तीन महिने दडून राहिले होते, आणि ते दडवायला मीच भाग पाडले होते. दुसऱ्या दिवशी मी तेच केले, जे दवाखान्यात इतरांसाठी करतो आणि घरात करायचे राहून गेले होते. त्यांना पाच मिनिटे आडवे झोपवून रक्तदाब मोजला, मग उभे करून एका मिनिटाने आणि तीन मिनिटांनी पुन्हा मोजला. वरचा आकडा २० किंवा खालचा आकडा १० ने उतरला, तर ती उभे राहताना रक्तदाब घसरण्याची खूण समजतात. अण्णांचा वरचा आकडा ३४ ने उतरला. रक्तदाबाची गोळी आणि प्रोस्टेटची गोळी मिळून हे घडत होते. त्यांच्या तज्ज्ञ डॉक्टरांशी बोलून मात्रा आणि वेळा बदलल्या. वाचकांनी मात्र अशा गोळ्या स्वतःच्या मनाने बंद करू नयेत किंवा बदलू नयेत.

श्रीलंकेत नदीवर आंघोळ करणाऱ्यांसाठी पाण्यात खांब रोवून मगरीला आत येता येणार नाही असा कठडा बांधतात. 'किंबुला कोटुवा', म्हणजे मगरीपासूनचा कोट. तिथे नदीवरची आंघोळ बंद केली नाही, तर आंघोळीला कुंपण घातले. मी अण्णांची आंघोळ, फिरणे, जिना सारे बंद करत सुटलो होतो. आता न्हाणीघरात दोन धरायचे दांडे आणि न घसरणारी चटई आहे, पलंगाजवळ रात्रभर मंद दिवा आहे. उठताना आधी दोन मिनिटे पलंगाच्या कडेला बसायचे, हे त्यांनी स्वतःच ठरवले. तलावाची फेरीही पुन्हा सुरू झाली आहे. किती वाजता, कोणाबरोबर, कुठवर, हे तेच सांगतात. एखाद्या दिवशी दारापर्यंत येऊन म्हणतात, "आज नको." मी का म्हणून विचारत नाही, फक्त रक्तदाब मोजतो.

ते पुन्हा पडणार नाहीत, असे मी म्हणू शकत नाही. रात्री काही वाजले की मला अजूनही जाग येते. पण आता काही झाले तर ते मला सांगतील, एवढा भरवसा वाटतो.

नदीकाठच्या कुटुंबांसाठी

मगर असलेल्या पाण्यात मुलांना आणि ज्येष्ठांना एकटे पाठवू नये. पाण्याच्या अगदी कडेला वाकून भांडी घासणे, उकिडवे बसून तोंड धुणे टाळावे. मगर वस्तीत शिरल्यास दगड मारू नयेत, गर्दी करू नये, वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे.

चावा झालाच, तर स्वच्छ कापडाने जखमेवर घट्ट दाब देऊन रक्तस्राव थांबवावा, जखमी अवयव हलू देऊ नये आणि १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका बोलवावी. हळद, चुना, तंबाखू जखमेत भरू नये. मगरीच्या तोंडातील आणि नदीच्या पाण्यातील जंतूंमुळे ही जखम लवकर चिघळते. म्हणून ती लहान दिसली तरी रुग्णालयात धुऊन घेणे, धनुर्वाताची लस आणि डॉक्टरांच्या सल्ल्याने प्रतिजैविके आवश्यक असतात. रेबीज हा सस्तन प्राण्यांचा रोग आहे, मगरीच्या चाव्यातून तो होत नाही.

पुराच्या दिवसांत मगरीपेक्षा मोठा धोका लेप्टोस्पायरोसिसचा असतो. उंदीर व गुरांच्या मूत्राने दूषित झालेल्या पाण्यातून हे जंतू पायांवरच्या भेगांतून शरीरात शिरतात. पुराच्या पाण्यातून चालल्यावर पाय साबणाने धुवावेत, जखमा झाकाव्यात, आणि पुढच्या दोन-तीन आठवड्यांत ताप, पोटऱ्यांत तीव्र दुखणे किंवा डोळे लाल होणे यांपैकी काही दिसले तर त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे आणि पुराच्या पाण्यात गेल्याचे आवर्जून सांगावे.

आणि घरातले वृद्ध माणूस पडल्याचे कळले, तर रागावण्याआधी एवढे विचारावे, "याआधी कधी पडला होतात का?" उत्तरासाठी थोडे थांबावे लागते.

काकूंचा परवा फोन आला होता. पुळणीवर आता पाच दिसतात म्हणे. अण्णांनी विचारले, "मोजल्या कोणी?" आणि मग बराच वेळ दोघे नदीवरच बोलत राहिले.